बातमी संपल्यावर कोण शूट करतं?

सप्टेंबर २०२४ च्या अखेरीस बदलापूर प्रकरणातल्या आरोपीचा मृतदेह पुरायला जागा मिळेना. बदलापूर नको म्हणालं, अंबरनाथ नको म्हणालं. शेवटी उल्हासनगरात, तिथलाही विरोध मोडून, पोलीस बंदोबस्तात दफन झालं. शाळेतल्या दोन चिमुरड्यांवरचा अत्याचार, २० ऑगस्टचा रेल रोको, २३ सप्टेंबरला मुंब्र्याजवळ पोलीस व्हॅनमध्ये आरोपीला लागलेली गोळी, मग ‘बदला पुरा’चे फलक. इथवरचं फुटेज हवं तेवढं आहे. जानेवारी २०२५ मध्ये दंडाधिकाऱ्यांच्या चौकशीने पाच पोलिसांना जबाबदार धरलं, पिस्तुलावर मृताच्या बोटांचे ठसे नसल्याची नोंद केली, तोवर बूम घेऊन धावणारे दुसऱ्या गावाला लागले होते.

आपल्याकडचा शोधपट नेमका इथे अडतो. तो करायला धाडसापेक्षा चिकाटी जास्त लागते, आणि चिकाटीला निर्माता मिळत नाही.

मराठी मुलुखातला या वाटेवरचा सर्वांत मोठा चित्रपट आजही आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’च. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. जमाव गॅसचे टँकर पेटवत होता, म्हणून गोळ्या झाडल्या, हा पोलिसांचा दावा चित्रपट दृश्यं लावून तपासतो. पण तिथेच थांबत नाही. पटवर्धन चौदा वर्षं शूट करत राहिले. आयोग झाला, खटला चालला, २००९ मध्ये अधिकाऱ्याला जन्मठेप झाली आणि तो जामिनावर सुटला. दरम्यान कबीर कला मंचाची नवी पोरं गाऊ लागली आणि त्यांच्यावरच नक्षलवादाचा शिक्का बसला. चौदा वर्षांऐवजी चौदा महिन्यांत चित्रपट उरकला असता, तर यातलं काहीच हाती लागलं नसतं.

पटवर्धनांचाच ‘विवेक’ (२०१८) मला तितका पटत नाही. दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी, गौरी लंकेश यांच्या हत्यांपासून निघालेला हा आठ भागांचा पट देशभर पसरतो, आणि त्या पसाऱ्यात तपासाचा धागा सैल होतो. विचारसरणी ओळखली की मारेकरी सापडलाच, असं प्रेक्षकाला वाटू लागतं. कोर्टात तसं चालत नाही: दाभोलकर खटल्यात मे २०२४ मध्ये दोघांना जन्मठेप झाली, तिघे निर्दोष सुटले. केरळच्या महोत्सवात ‘विवेक’ दाखवायलाही हायकोर्टात जावं लागलं, हे मात्र विसरून चालणार नाही.

ओटीटीने प्रेक्षक वाढवला, हे खरं. पण त्याला मृत्यू हवा तो गूढ किंवा श्रीमंत घरातला. शीना बोरा प्रकरणावरच्या मालिकेला सीबीआयने हरकत घेतली, तर मुंबई हायकोर्टाच्या न्यायमूर्तींनी ती आधी पाहिली आणि मग फेब्रुवारी २०२४ अखेर ती प्रदर्शित झाली. डोंबिवली एमआयडीसीत त्याच वर्षी मे महिन्यात बॉयलरने—की रिअ‍ॅक्टरने, हाच तर वाद होता—माणसं मारली. मृतांची ओळख डीएनएवरून पटवावी लागली. त्यावर मालिका कोण काढणार?

बदलापूरचं प्रकरण तर त्याहून अवघड. इथे अन्याय दोन आहेत आणि ते एकमेकांच्या आड येतात. कोठडीतल्या मृत्यूबद्दल विचारलं की ‘त्या मुलींचं काय?’ हा सवाल येतो, आणि तो रास्तच आहे. दोन्ही प्रश्न एका चौकटीत धरणारा दिग्दर्शक लागेल. त्यात फेब्रुवारी २०२५ मध्ये आरोपीच्या आईवडिलांनीच हायकोर्टाला सांगितलं, आम्हाला केस पुढे न्यायची नाही. कोर्टाने तरीही सुनावणी सोडली नाही, एप्रिलमध्ये एसआयटीचा आदेश दिला. टीव्हीच्या हिशेबात फिर्यादी उठला की गोष्ट संपते. खरा चित्रपट तिथून पुढे आहे. ते दोघं का थकले, हे कळायला त्यांच्या दारात कित्येक महिने कॅमेरा बंद ठेवून बसावं लागेल, आणि त्या महिन्यांचा खर्च कुठलंही चॅनेल देणार नाही.