‘स्मृतिचित्रे’तील धर्मकलह आणि संवाद

लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’ या १९३४ पासून भागशः प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्राची प्रशंसा बहुधा साधी भाषा आणि निर्व्याज विनोद या दोन गुणांसाठी होते. ती यथार्थच आहे. परंतु हा विनोद ग्रंथात कोणते कार्य करतो, हा प्रश्न तिच्यात मागे पडतो. धर्मांतरासारख्या कुटुंबे दुभंगविणाऱ्या विषयात प्रतिपक्षाचा माणूस माणूसच राहावा, यासाठी तो येथे योजिलेला दिसतो.

आरंभीचे पितृचित्रच पाहावे. १८५७ च्या धामधुमीत आजोबा फाशी गेले आणि त्या आघाताने वडिलांच्या मनाला सोवळ्याने ग्रासले. मीठ आणि साखरदेखील धुऊन घेण्यापर्यंत मजल गेली. सुधारकी लेखणीला हे आयतेच व्यंगचित्र होते. लक्ष्मीबाई हसतात, पण त्या वेडामागची भीती आधी सांगून मग हसतात. नाशिकजवळच्या जलालपूरचे ते घर त्यामुळे उपहासाचा विषय होत नाही. वाचकाला त्या विक्षिप्त गृहस्थाची कणवच येते.

हीच दृष्टी पुढील मोठ्या कलहातही टिकते. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत नारायण वामन टिळकांनी बाप्तिस्मा घेतला आणि पतिपत्नींची ताटातूट झाली. ज्या आप्तांना हे धर्मांतर असह्य झाले, त्यांनीच लक्ष्मीबाईंना आधार दिला; त्यांची माया ग्रंथात कोठेही उणावलेली नाही. उलट, ज्यांचा धर्म लेखिकेने पुढे १९०० मध्ये स्वीकारला, त्या टिळकांचा तापट, लहरी स्वभाव मात्र तिने मुळीच झाकलेला नाही. स्वपक्षाविषयीची ही सडेतोड वृत्ती दोन्ही धर्मांतील चरित्रलेखकांना क्वचितच साधली आहे! जातिभेद देवाने केला की माणसाने, या प्रश्नाचा निकालही वादसभेत लागत नाही. राहुरीस लक्ष्मीबाई एकट्याच विचार करतात, उत्तर मिळताच सोवळे सोडतात, आणि त्यासाठी कोणाला हरविल्याचा डौल मिरवीत नाहीत.

तथापि या संयमाची एक मर्यादा ध्यानात घेणे प्राप्त आहे. येथील सर्व विरोधक परस्परांचे नातलग आहेत. मत पटले नाही तरी जिव्हाळा सुटत नाही, आणि संवाद त्या जिव्हाळ्यावरच उभा आहे. सोवळ्याने ज्यांना दूर ठेविले, त्यांचे म्हणणे त्यांच्या तोंडून फारसे ऐकू येत नाही. नाशिकात ते म्हणणे तोवर रस्त्यावर आले होते. २ मार्च १९३० रोजी डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला होता, आणि १३ ऑक्टोबर १९३५ रोजी याच जिल्ह्यातील येवल्यास त्यांनी धर्मत्यागाची घोषणा केली. मंदिराच्या बंद दारापुढे उभ्या असलेल्यांना नात्याचा असा कोणताही आधार नव्हता. ‘स्मृतिचित्रे’तील सौजन्याचे मूल्यमापन करताना समीक्षकाने हा समकालीन प्रसंग शेजारी ठेवूनच ते करावयास हवे.