पुसून टाकलेल्या चित्राचा अभ्यास कसा करायचा?

संशोधनाची तयारी करताना आपण एक गोष्ट गृहीत धरतो: ज्याचा अभ्यास करायचा ते आपल्यासमोर असणार. नलिनी मालानी यांची ‘सिटी ऑफ डिझायर्स’ ही कलाकृती या गृहीतकालाच धक्का देते. १९९२ मध्ये मुंबईच्या केमोल्ड गॅलरीत त्यांनी थेट भिंतींवर चित्रं काढली. पंधरा दिवस लोकांनी ती पाहिली, मग भिंतींवर पांढरा रंग फिरवला. विकायला काही नाही, संग्रहालयात टांगायला काही नाही.

मालानींचा जन्म १९४६ चा, कराचीचा. शिक्षण मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. १९६९ मध्ये अकबर पदमसींच्या ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’मध्ये त्यांनी कॅमेरा हातात घेतला. पुढे रंगमंच आला, व्हिडिओ आला. १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर त्यांनी मंटोच्या टोबा टेक सिंगवर व्हिडिओ-मांडणी केली, तीत पत्र्याच्या ट्रंकांमध्ये टीव्हीचे पडदे ठेवले होते. म्हणजे माध्यम बदलायची त्यांना भीती नाही. पण १९९२ मध्ये चित्र पुसायचंच कशाला?

राजस्थानातल्या नाथद्वाऱ्याची जुनी भित्तिचित्रं दुर्लक्षामुळे नष्ट होत होती. ते दूरचं नुकसान मालानींनी मुंबईच्या प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर घडवलं. विज्ञानाच्या विद्यार्थ्यांना हे पटकन कळेल. मातीतला सेंद्रिय भाग मोजायचा तर वाळवलेला नमुना भट्टीत जाळतात आणि वजन किती घटलं ते बघतात. जे गेलं तेच मोजमाप! या कलाकृतीचंही तसंच आहे, आणि तिची ताकद मला तिथेच दिसते.

पुरावा म्हणून आज तुमच्या-माझ्या हाती काय आहे? तेव्हा केलेला व्हिडिओ. त्यात रेषा दिसतात, आकृत्या दिसतात. पण चारी बाजूंनी चित्र असलेल्या खोलीत उभं राहणं, ‘आता चारच दिवस उरले’ हे माहीत असणं, ते त्यात नाही. म्हणून व्हिडिओ बघून ‘कलाकृती पाहिली’ असं लिहू नका. ‘नोंद पाहिली’ असं लिहा. प्रबंधात हा फरक फार मोठा असतो.

आता माझा आक्षेप. आमच्याकडे ठाकूरवाडीच्या बाजूला ठाकर घरांत लग्नाला भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात. तोही टिकत नाही. पण पुढच्या लग्नात तो पुन्हा उमटतो, कारण तो भिंतीपेक्षा लिहिणाऱ्या बाईच्या हातात जास्त असतो. नाथद्वाऱ्यातही पिछवाई रंगवणारे हात आजही आहेत. मालानींनी भिंतीचं नुकसान अचूक दाखवलं, पण या हातांना त्यांच्या मांडणीत जागा मिळाली नाही. पांढरा रंग फिरला की सगळं संपलं, असं ती कलाकृती सुचवते. प्रत्यक्षात भिंत गेल्यावरही बरंच काही उरतं, आणि बरेचदा कोणी विचारायला गेलं नाही म्हणून ते जातं.

तेव्हा विषय ठरवताना स्वतःला विचारा: माझ्यासमोर वस्तू आहे, नोंद आहे, की करणारा हात आहे? वस्तू थांबते, नोंदही कपाटात राहते. हाताचं वय होत असतं. आधी त्याच्याकडे जा.