सहायक म्हणजे दुय्यम का? : रोहिणी हट्टंगडी यांच्या अभिनयाविषयी

आज आम्ही एका अभिनेत्रीविषयी बोलणार आहोत. जन्मभर तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाने सिनेमावर कशाला बोलावं, असं तुम्हाला वाटेल. पण 'सहायक अभिनेत्री' या शब्दातच आमच्या विषयाचा प्रश्न आहे. सहायक म्हणजे दुय्यम का?

नैयायिक आणि बौद्ध यांच्यात कणगीतल्या बियाण्यावरून मोठा वाद झाला. कणगीतलं बी उगवत नाही, शेतात पेरलं की उगवतं. असं का? नैयायिक सांगतात, तिथे त्याला माती आणि पाणी ही सहकारी कारणं मिळतात म्हणून. आपल्या बीड जिल्ह्यात हे समजावून सांगायला ग्रंथ लागत नाही. घरात बियाणं आणून ठेवलंय आणि मृग कोरडा चाललाय, हे आपण कितीदा पाहिलं! पावसाला दुय्यम म्हणायची आपली हिंमत आहे का?

आता रोहिणी हट्टंगडी यांच्याकडे येऊ. जन्म पुण्याचा, १९५१चा. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिक्षण. रिचर्ड अ‍ॅटनबरो यांच्या 'गांधी'त (१९८२) त्या कस्तुरबा झाल्या. त्यासाठी ब्रिटनच्या चित्रपट आणि टेलिव्हिजन अकादमीचा, म्हणजे 'बाफ्टा'चा, सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार त्यांना मॉरीन स्टेपल्टन यांच्याबरोबर विभागून मिळाला. खरं सांगायचं तर, पहिल्यांदा हा चित्रपट पाहून बाहेर पडताना आम्ही बोललो ते फक्त बेन किंग्जलींविषयी. दुसऱ्यांदा पाहिला तेव्हा चूक कळली.

दक्षिण आफ्रिकेतल्या आश्रमातला प्रसंग आठवा. कस्तुरबा संडास साफ करायला नकार देतात. गांधी त्यांना ओढत दाराबाहेर काढू पाहतात. त्या क्षणी महात्मा लहान होतो आणि ती बाई मोठी. अहिंसेचा पुरस्कर्ता घरात हिंसा करतोय, हे आपल्याला कुठे दिसतं? तिच्या चेहऱ्यावर. दुखावलेपण आहे, पण लाचारी नाही. तो चेहरा काढून घ्या, गांधींचा पश्चात्ताप नुसता संवाद उरेल.

'सारांश' (१९८४) पाहा. मुलगा परदेशात मारला गेलेला. प्रधान मास्तर नास्तिक. पार्वतीला मात्र खात्री आहे की मुलगा पुन्हा जन्म घेणार. तिशीही न ओलांडलेले अनुपम खेर म्हातारे झाले, याचं कौतुक झालंच पाहिजे. पण रोहिणीबाई तरी तेव्हा कुठे म्हाताऱ्या होत्या? तेहतीस वर्षांच्या! त्यांनी पार्वतीची श्रद्धा खुळचट होऊ दिली नाही, म्हणून तर मास्तरांच्या नास्तिकतेला वजन आलं. समोरचा पक्ष दुबळा असेल तर वाद कसला? आणि शेवटी मास्तरांना आयुष्याचा सारांश सापडतो तो पार्वतीच्या सुरकुत्यांत. चित्रपटाचं नाव सहायक पात्राच्या चेहऱ्यावरून आलंय, बघा.

पण एक तक्रार केलीच पाहिजे. ही ताकद आपल्या चित्रसृष्टीने 'आई' नावाच्या एकाच साच्यात ओतली. 'अग्निपथ'मध्ये (१९९०) त्या अमिताभ बच्चन यांच्या आई आहेत. वयाने त्यांच्याहून नऊ वर्षांनी लहान! 'पार्टी'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या नटीची आपण ही सोय केली.

पुढे 'चार दिवस सासूचे' या मालिकेने त्यांना केंद्रस्थान दिलं. तीन हजारांहून अधिक भाग, घराघरांत नाव. याचा आनंद आहेच. पण आमचं मत असं, की त्यांचं मोठेपण ऐकण्यात आहे. समोरचा बोलत असताना त्यांच्या चेहऱ्यावर जे चालतं, त्यात आहे. रोजच्या मालिकेत प्रत्येक धक्क्याला चेहरा जवळून दाखवतात, वर संगीत वाजवतात. तिथे ऐकायला अवकाश कुठला? केंद्र मिळालं, पण शेत आक्रसलं.

तेव्हा घरी गेल्यावर एवढं करा. 'सारांश' पुन्हा लावा आणि मास्तर बोलत असताना पार्वतीकडे बघा. मग सहायक कोण, हे पुढच्या वेळी तुम्हीच आम्हाला सांगा.