गोठ्यातले गणित

मार्विन हॅरिस या अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञाचे ‘काउज, पिग्ज, वॉर्स अँड विचेस’ (१९७४) मी प्रथम वाचले ते पीएच.डी.च्या दिवसांत. अभियंत्याला ते आवडावे यात नवल नाही. श्रद्धा म्हणून जे आपण हात जोडून बाजूला ठेवतो, ते हॅरिस यंत्रासारखे उघडून दाखवतो आणि आत चारा, पाणी, श्रम यांचा हिशेब निघतो. परवा ते पुन्हा काढले. निमित्त दुबईतल्या सुपरमार्केटचे: डुकराच्या मांसाचा विभाग वेगळ्या खोलीत, दारावर ‘मुस्लिमेतरांसाठी’ अशी पाटी.

हॅरिस म्हणतो, डुकराला घामाने अंग थंड ठेवता येत नाही, सावली नि चिखल लागतो; ते गवतावर जगत नाही, नांगराला जुंपता येत नाही. पश्चिम आशियातली जंगले तुटली तसे ते परवडेना आणि निषिद्ध ठरले. पटते. पण आज ते मांस गोठवून येते, उन्हाशी त्याचा संबंध उरला नाही, तरी दार वेगळेच. आणि उंट? मुसलमानांना चालतो, ज्यूंना निषिद्ध. यालाही हॅरिसकडे उत्तर आहे (स्थायिक शेतकऱ्यांना उंटाची फारशी गरज नव्हती म्हणे), पण प्रत्येक अपवादाला नवे ठिगळ लावावे लागले की आमच्या धंद्यात मूळ रचनेचीच शंका येते.

गाईविषयीचे त्याचे विवेचन अधिक भक्कम. केरळातले शेतकरी त्याला सांगत, आम्ही वासरू मारत नाही; तरी वर्षाच्या आतली नर वासरे शंभर माद्यांमागे ६७च होती. नराला आचळाशी कमी वेळ सोडायचे, एवढेच. निरीक्षण मर्मभेदी आहे. मात्र त्यातून गोवधबंदीचे जे शहाणपण तो काढतो, त्यावर पुण्याच्या गोखले संस्थेतले वि. म. दांडेकर यांनी १९६९ मध्ये ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त कडक टीका केली. मारायचे नाही म्हटले, की संख्येला आवर घालायला उपासमारच उरते. तिला शहाणपण कसे म्हणायचे? याच दांडेकरांनी १९७१ मध्ये नीलकंठ रथांबरोबर माणसांची दारिद्र्यरेषा २२५० उष्मांकांच्या आधारे आखली. कुमुदिनी दांडेकर याच संस्थेत जननदराचा अभ्यास करीत. गुरांचे आणि माणसांचे पोट एकाच वास्तूत मोजले गेले, याचे मला कौतुक वाटते.

हॅरिसनेही एरिक रॉससह १९८७ च्या ‘डेथ, सेक्स अँड फर्टिलिटी’त हीच नजर माणसांवर वळवली: मुले किती, हा खर्च-लाभाचा प्रश्न. इथे तो मला सर्वांत जास्त पटतो. अमिरातींत १९७०च्या सुमारास एका स्त्रीमागे सहाहून अधिक मुले होती, आज दोनहून कमी. (त्यात आपल्यासारखे परदेशीही मोजलेले आहेत, हे विसरू नये.) शाळेची फी भरणाऱ्या आपल्या मंडळींना हे समजावून सांगायला नको.

तरीही पुस्तक मिटताना एक गोष्ट त्यात बसत नाही. १९७२ च्या दुष्काळात आजोबांनी म्हातारा बैल बाजारात विकला. हिशेब हॅरिसचाच होता: कडबा नव्हता, पाणी नव्हते. पण वडील सांगत, घेणारा कोण, बैल कुठे नेणार, हे आजोबांनी विचारले नाही आणि त्यानेही सांगितले नाही. दोघांनाही ठाऊक होते. दावे तेवढे सोडून घरी आणले, आणि आजी असेपर्यंत ते गोठ्याच्या खुंटीवर होते.