योखेनचा बोनस

फासबिंडर म्हटलं की लोक आधी आकडे सांगतात. 37व्या वर्षी गेला, तोवर चाळीसच्या आसपास सिनेमे. मीही आधी त्या आकड्यांनीच दिपले होते. पण तो मला भिडला एका टीव्ही मालिकेतून.

‘आठ तास म्हणजे दिवस नव्हे’ ही त्याने 1972-73मध्ये पश्चिम जर्मनीच्या डब्ल्यूडीआर वाहिनीसाठी केली. कोलोनच्या एका कारखान्यातला योखेन काम सोपं करणारी युक्ती शोधतो. मॅनेजमेंट म्हणते, काम सोपं झालंय ना, मग बोनस कशाला?

इथे मी पॉज दाबला. गेल्या वर्षी मी टेस्टिंगचं तीन दिवसांचं काम चाळीस मिनिटांत उरकणारी स्क्रिप्ट लिहिली. टीमने केक आणला. पुढच्या तिमाहीत टेस्टिंगमधले दोघं बेंचवर गेले. त्यातल्या एकाशी मी अजून नीट बोललेले नाही.

मालिकेत मात्र एकट्या योखेनचा प्रश्न सगळ्या गटाचा होतो. बिअर पीत, भांडत ते बोलत राहतात आणि पुढे आपल्या कामाची आखणी आपणच करू, इथवर येतात. योखेनची आजी तर मुलांसाठी परवानगीशिवाय पाळणाघर उघडते! (आजीवर वेगळा लेख व्हायला हवा.) कामगार इतके आनंदी नसतात, अशी टीका तेव्हाही झाली. मला आनंद खटकत नाही. घरात बसून बघणाऱ्याला ‘असंही होऊ शकतं’ हे दाखवणं ही फासबिंडरची हुशारीच आहे.

खटकतं ते वेगळंच. योखेनच्या युक्तीने बोनस जातो, नोकरी कुणाचीच जात नाही. 1972च्या पश्चिम जर्मनीत बेकारी जवळपास नव्हतीच. तेलसंकट यायचं होतं. त्या भरवशावर ही सगळी एकजूट उभी आहे आणि मालिका ते कधीच बोलून दाखवत नाही. ठरलेल्या आठ भागांपैकी पाचच झाले, वाहिनीने मालिका थांबवली.

1980मध्ये त्याने टीव्हीसाठीच ‘बर्लिन अलेक्झांडरप्लात्झ’ केली. चौदा भाग, पंधरा तासांहून जास्त. काळ 1920च्या दशकाच्या अखेरचा, बेकारीचा. तुरुंगातून सुटलेल्या फ्रान्झ बिबरकॉफचे त्यात एकेक करत सगळे आधार सुटतात. शेवटी त्यालाही कारखान्यातच काम मिळतं. पण आत नाही, फाटकावर. मदतनीस पहारेकऱ्याचं.