आयडा वेल्स यांचा ‘रेड रेकॉर्ड’

जोतीराव फुले यांनीं १८७३ सालीं आपला ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेंतील दास्यविमोचन करणाऱ्या सज्जनांस अर्पण केला, हें वाचकांस ठाऊक आहेच. परंतु त्या विमोचनानंतर तेथील कृष्णवर्णीयांच्या वांट्यास काय आलें, हें जाणावयाचें तर आयडा वेल्स यांचीं ‘सदर्न हॉरर्स’ (१८९२) व ‘अ रेड रेकॉर्ड’ (१८९५) हीं दोन लहान पुस्तकें वाचलीं पाहिजेत.

वेल्सबाई १८६२ सालीं मिसिसिपी संस्थानांत दास्यांतच जन्मल्या. मेम्फिस शहरीं त्या प्रथम शिक्षिका व पुढें पत्रकर्त्या झाल्या. १८९२ च्या मार्चमध्यें त्यांचे स्नेही टॉमस मॉस व त्यांचे दोन सोबती यांस जमावानें तुरुंगांतून ओढून नेऊन ठार केलें. त्यांच्या किराणा दुकानामुळें शेजारच्या गोऱ्या दुकानदाराच्या धंद्यास झळ लागत होती, हें वैराचें मूळ. बाईंनीं लेखणी उचलली. तेव्हां मे महिन्यांत त्यांच्या पत्राची कचेरीच उद्ध्वस्त झाली.

अशा लेखिकेकडून संतापाची अपेक्षा करावी. पण बाई करतात ती उलटतपासणी! हे वध स्त्रियांच्या अब्रूच्या रक्षणार्थ होतात, असा मारेकऱ्यांच्या कैवाऱ्यांचा दावा होता. बाई ‘शिकागो ट्रिब्यून’ या गोऱ्यांच्याच पत्राचे आंकडे पुढें मांडतात: आठ वर्षांतील ७२८ बळींपैकीं केवळ एकतृतीयांशांवर तसा नुसता आरोप तरी होता. प्रतिपक्षाच्याच साक्षीनें प्रतिपक्ष निरुत्तर होतो.

‘रेड रेकॉर्ड’मध्यें नांवें, गांवें व तारखा यांच्या याद्या वाचून मन थकतें, हा दोष आम्ही नाकारीत नाहीं. व्यक्तिचित्र रंगविण्याचें सामर्थ्य बाईंपाशीं नव्हतें असें मात्र नव्हे. मरणोत्तर १९७० सालीं प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या आत्मचरित्रांत मॉस यांचें चित्र जिवंत उतरलें आहे. मग येथें हा रुक्षपणा कां? ज्यांचा खटला कोणत्याहि न्यायासनापुढें चाललाच नाहीं, त्यांचें नांव दप्तरांत कोठून सांपडणार? तें दप्तर बाईंनीं स्वतः लिहिलें. यादीतील एक नांव गाळणें म्हणजे त्या मनुष्यास दुसऱ्यांदा मारणें होय.

बाई १९३१ सालीं वारल्या. अशा वधांविरुद्ध मध्यवर्ती सरकारचा कायदा झाला तो २०२२ सालीं. लालित्य हीच वाङ्मयाची एकमेव कसोटी मानणाऱ्यांनीं हें लहानसें पुस्तक एकदां वाचावें व मग आपली कसोटी पुन्हा तपासावी.