आर्टुर ब्राउनर : गल्ला आणि स्मरण

युद्धोत्तर पश्चिम जर्मनीच्या चित्रपटांत गल्लाभरू करमणुकीखेरीज फारसे काही निपजले नाही, असा जो शेरा टीकाकारांनी एकदा दप्तरी मारून ठेवला आहे, तो आर्टुर ब्राउनर यांच्यापुरता तरी फेरतपासणीस घेतला पाहिजे. पोलंडमधील वूच शहरी 1918 साली ज्यू कुटुंबात जन्मलेल्या आणि नाझी संहारात 49 आप्त गमावलेल्या या गृहस्थांनी, ज्या राज्याने हा संहार घडविला त्याच्याच उद्ध्वस्त राजधानीत 1946 साली ‘सीसीसी’ ही निर्मितिसंस्था काढावी आणि पुढे स्पांडाउ भागात, विषारी वायूच्या प्रयोगांसाठी वापरलेल्या कारखान्याच्या आवारात तिचे स्टुडिओ थाटावेत, हा योग विलक्षण खरा.

‘मोरितुरी’ (1948) या चित्रपटाची मूळ कल्पना त्यांचीच. छळछावणीतून निसटलेले नाना देशांचे लोक अरण्यात दडून बसतात आणि हाती सापडलेल्या जर्मन सैनिकाचे काय करावे याचा खल करतात. चित्रपटाचा कल सूडाकडे नाही, माणुसकीकडे आहे. रचना विस्कळीत आहे, संवादांत उपदेश डोकावतो. परंतु प्रेक्षक खवळले ते या दोषांमुळे नव्हे. त्यांना विषयच नको होता. चित्रगृहांतून निषेध झाले, चित्रपट आपटला आणि निर्मात्याच्या डोक्यावर कर्ज राहिले.

ते फेडले विनोदिका आणि रहस्यपट यांनी, ज्यांतील बहुतेकांविषयी मौन बाळगणेच सभ्यपणाचे. अपवाद दोन. हाउप्टमानच्या नाटकावरून रॉबर्ट सिओडमाकने केलेल्या ‘दी राटेन’ला 1955 साली बर्लिन चित्रपट महोत्सवाचे सुवर्ण अस्वल मिळाले, आणि अमेरिकेहून परतलेल्या फ्रिट्स लांगने ब्राउनर यांच्यासाठी उदयपुरात येऊन 1959 चे दोन भागांचे हिंदुस्थानी अद्भुत चित्रित केले. त्यातला हिंदुस्थान पुठ्ठ्याचा आहे, पण चौकटीची बांधणी उस्तादाची. (मूळ कादंबरीच्या लेखिका थेआ फोन हार्बो लांगशी घटस्फोटानंतर बेळगावकडील पत्रकार अयी तेंडुलकर यांच्याशी विवाहबद्ध झाल्या होत्या, हे मराठी वाचकास कदाचित ठाऊक नसेल.)

1962 साली ओबरहाउझेन येथे 26 तरुण चित्रपटकारांनी जुन्या चित्रपटाचा मृत्यू जाहीर केला, तेव्हा त्या जुन्यांत ब्राउनरही जमा धरले गेले. तरीही डे सिकाच्या ‘फिन्झी-कोन्टिनींची बाग’ या ऑस्करविजेत्या चित्रपटाचे सहनिर्माते तेच होते, आणि उतारवयात ‘आर्ट बेर्न्ड’ या टोपणनावाने बाबी यारच्या हत्याकांडावरील चित्रपटाची कथा लिहिणारेही तेच. ज्यू मुलगा हिटलरच्या युवक संघटनेत लपून जगतो, ही सत्यकथा सांगणारा आग्निएश्का हॉलंडचा 1990 चा चित्रपट त्यांनी उभा केला, तर जर्मन निवडसमितीने तो ऑस्करसाठी पाठविण्याचेच नाकारले. अमेरिकेत त्यास गोल्डन ग्लोब लाभला आणि पटकथेला ऑस्करचे नामांकनही. ‘मोरितुरी’च्या प्रेक्षकाला निदान कालच्या जखमांची सबब होती, चार दशकांनंतरच्या या समितीजवळ तीही नव्हती.